तीन ग्रोशांचं गाणं: पोलंडमधले सहा दिवस

दिवस पहिला, रविवार. वॉर्सा

बॅग आली नाही. मधल्या विमानतळावर कुठेतरी राहिली असं कळलं, आणि पोलंड बघायला मी मावसबहिणीच्या सलवार-कमीजमध्ये निघाले. ती माझ्यापेक्षा अर्धा फूट उंच, त्यामुळे पायघोळ सावरत वाझ्येंकी बागेत पोचले तेव्हा बारा वाजायला दहा मिनिटं होती.

उन्हाळ्यातल्या रविवारी या बागेत शोपँ या पोलिश संगीतकाराच्या पुतळ्याखाली पियानो वाजतो. दुपारी बाराला आणि चारला, १९५९ पासून. तिकीट नाही. लोक गवतावर चादरी पसरून बसतात, कुणी पाण्यात पाय सोडतं, लहान मुलं पळत असतात. पुतळा वात्स्वाव शिमानोव्स्की या शिल्पकाराचा. वाऱ्याने वाकलेलं विलोचं झाड आणि त्याखाली बसलेला शोपँ. १९२६ साली उभारला, १९४० च्या मे महिन्यात जर्मनांनी सुरुंग लावून फोडला, १९५८ मध्ये पुन्हा ओतून त्याच जागी बसवला. शहर जिंकल्यावर आधी पियानोवाल्याचा पुतळा उडवावासा वाटतो, यातच बरंच काही आलं.

मी कोल्हापुरात पेटी शिकवते. पाश्चात्त्य संगीतातलं मला शिकलेल्या माणसासारखं काही कळत नाही. कान आहे तेवढा आहे. तरी एका माझुर्काला, म्हणजे पोलिश नाचाच्या चालीवरच्या तुकड्याला, मी ताठ बसले. डाव्या हातात नुसता षड्ज-पंचम धरलेला, तानपुऱ्यासारखा, आणि वर उजव्या हातात जी धून चालली होती तिच्यात मध्यम तीव्र लागत होता. शुद्ध नाही, तीव्र. मी बहिणीला कोपराने ढोसलं. "अगं, हा कल्याणाच्या अंगानं चाललाय!" ती म्हणाली, "गप बस, लोक बघतायत."

घरी आल्यावर मोबाइलवर शोधून काढलं. शोपँच्या काही माझुर्कांमध्ये हे मुद्दाम आहे. खाली षड्ज-पंचमाचा घोष आणि वर चढा मध्यम, कारण खेड्यातली वाद्यं तशी वाजायची. पियानोवर त्याने मशकबाजा आणि गावठी फिडल बसवलं होतं. आता आठवडाभर हाच मध्यम शोधायचा, असं मी ठरवून टाकलं.

दिवस दुसरा, सोमवार. वॉर्सा

सोमवारी इथली बहुतेक संग्रहालयं बंद. हे आधी बघायला हवं होतं. मग पायीच निघाले. मुख्य रस्त्याचं नाव क्राकोव्स्क्ये प्शेद्म्येश्च्ये. ते मी दिवसभर पाठ करत होते आणि संध्याकाळपर्यंत एकदाही जमलं नाही. या रस्त्यावर शोपँचे काळे दगडी बाक आहेत. बटण दाबलं की तुकडा वाजतो. गर्दीत कुणी ऐकत नाही, पण दाबतात सगळे. इथे शोपँच्या नावाचा विमानतळ आहे, व्होडका आहे, चॉकलेटं आहेत. स्वतः शोपँ मात्र विसाव्या वर्षी, २ नोव्हेंबर १८३० ला वॉर्सा सोडून गेला तो परत आला नाही. तो गेला आणि त्याच महिन्यात रशियाविरुद्ध उठाव झाला, तो चिरडला गेला, आणि परतीचा रस्ता बंद झाला.

परत आलं ते त्याचं काळीज. होली क्रॉस चर्चमध्ये डाव्या हाताच्या खांबात ते आहे. १८४९ मध्ये पॅरिसला तो वारला, देह तिथेच पुरला. बहीण लुडविका काळीज दारूच्या बरणीत घालून सरहद्दीवरच्या तपासणीतून लपवत घेऊन आली. १९४४ च्या जर्मनांविरुद्धच्या उठावात हे चर्च ढासळलं. काळीज आधीच हलवलेलं होतं, ते १७ ऑक्टोबर १९४५ ला, म्हणजे त्याच्या पुण्यतिथीला परत आणून बसवलं. खांबावरची ओळ बायबलमधली आहे: जिथे तुझं धन तिथे तुझं मन. समोरच्या बाकावर एक बाई भाजीची पिशवी मांडीवर घेऊन बसली होती. पिशवीतून शेपूची जुडी डोकावत होती. दोन मिनिटं बसली, उठली, गेली.

याच रस्त्याने पुढे नोवी श्व्यात. तिथल्या झामोयस्की वाड्यातून १८६३ च्या सप्टेंबरमध्ये रशियन राज्यपालावर बाँब टाकला गेला. चिडलेले शिपाई वाड्यात शिरले आणि घरातलं सामान खिडक्यांतून खाली फेकू लागले. त्यात शोपँच्या तरुणपणचा पियानो होता, धाकट्या बहिणीने जपलेला. खाली चौकात त्याची होळी झाली. या प्रसंगावर नोर्विद या कवीने लिहिलेली कविता इथे नावाजलेली आहे.

पोलंड हा देश १७९५ ते १९१८, म्हणजे १२३ वर्षं नकाशावर नव्हता. रशिया, प्रशिया आणि ऑस्ट्रियाने तो तिघांत वाटून घेतला होता. स्वतःचं स्वतंत्र राज्य नाही. अशा वेळी माणसं देश कशात ठेवणार? भाषेत, चर्चमध्ये आणि तीन मात्रांच्या नाचात. त्यांचं राष्ट्रगीतसुद्धा माझुर्का आहे. १७९७ मध्ये इटलीत नेपोलियनच्या बाजूने लढणाऱ्या पोलिश पलटणीसाठी युझेफ विबित्स्कीने शब्द लिहिले, चाल कुणाची ते माहीत नाही. "पोलंड अजून संपलेला नाही, आम्ही जिवंत आहोत तोवर" अशी सुरुवात. बहीण सांगत होती, मॅचच्या आधी हे वाजलं की तिच्या मुलाचे पाय आपोआप हलतात आणि शाळेत ओरडा बसतो. नाचाच्या चालीवर सावधान कसं उभं राहणार?

दुपारी ऑपेरा हाउससमोर गेले. मोसम संपलेला, दारं बंद. बाहेर स्तानिस्वाव मोन्यूश्कोचा पुतळा आहे. त्याचा 'हाल्का' इथे १ जानेवारी १८५८ ला पहिल्यांदा उभा राहिला. गोष्ट साधी आणि ओळखीची: डोंगरातली गरीब पोर, तिला नादी लावणारा जमीनदाराचा मुलगा, त्याचं दुसरीकडे ठरलेलं लग्न, आणि शेवटी पोरीचा जीव. पण काळ बघा. १८४६ मध्ये ऑस्ट्रियाच्या ताब्यातल्या गॅलिशियात शेतकऱ्यांनी जमीनदारांचे वाडे लुटले आणि हजाराच्या आसपास माणसं मारली. दोनच वर्षांनी विल्नोमध्ये 'हाल्का'चं पहिलं रूप सादर झालं. वॉर्साच्या ऑपेरात तिकीट काढून बसणारे स्वतः त्याच जमीनदार वर्गातले. त्यांनी ते बघितलं, टाळ्या वाजवल्या आणि राष्ट्रीय ऑपेरा म्हणून डोक्यावर घेतलं. हाल्काला न्याय कुणी दिला नाही, रडले मात्र सगळे. मोन्यूश्कोच्या पुढच्या एका ऑपेरावर, १८६५ मध्ये, तीन प्रयोगांनंतर झारच्या सरकारने बंदी घातली. त्यात बंडाची एकही ओळ नव्हती. जुना वाडा, घड्याळाचे टोल, घरच्यांची आठवण एवढंच. लोक नको तिथे रडू लागले हा गुन्हा.

संध्याकाळी बहिणीचे अहो आम्हाला ओखोता भागात घेऊन गेले. तिथे 'चांगल्या महाराजां'च्या नावाचा चौक आहे, म्हणजे युद्धात पोलिश मुलांना आसरा देणारे नवानगरचे जामसाहेब. कोल्हापूरच्या नावाचंही स्मारक वॉर्सात आहे. सैबेरियातून सुटलेली, इराणमार्गे आलेली जवळपास पाच हजार पोलिश माणसं, त्यातली बरीचशी बायका-मुलं, १९४३ ते १९४८ आमच्या वळिवड्याला राहिली. शाळा, चर्च, स्काउट, सगळं उभं केलं होतं त्यांनी. माझे आजोबा त्या छावणीत भाजी घालायचे. ते सांगायचे, रविवारी सकाळी जाऊ नये, त्या बायका गात असतात आणि भाजी कुणी घेत नाही. गाणं कसलं, हे त्यांना विचारायचं आम्हा कुणाला सुचलं नाही.

दिवस तिसरा, मंगळवार. झेलाझोवा वोला आणि वॉर्सातली रात्र

बॅग आली. माझ्या मापाचे कपडे घालून शोपँच्या जन्मगावी निघाले. वॉर्साच्या पश्चिमेला पन्नासेक किलोमीटर. घर म्हणजे स्कार्बेक सरदारांच्या वाड्याची बाजूची इमारत. वडील निकोला फ्रान्समधल्या लॉरेनचे, सरदाराच्या मुलांचे शिक्षक. आई युस्तिना त्या घराशी नात्याने जोडलेली. १८१० मध्ये इथे फ्रेडरिक जन्मला आणि काही महिन्यांतच कुटुंब वॉर्साला गेलं. म्हणजे पाळण्यातलं मूल इथे जेवढं राहिलं तेवढंच. बाकी सगळं नंतर मांडलेलं: खोल्या, बाग, झाडांत लपवलेले स्पीकर. सुंदर आहे, पण पुढारलेल्या संस्थेने सजवलेल्या समाधीसारखं. मला त्यातला ओढा आवडला. त्याचं नाव उत्राता, पोलिशमध्ये त्याचा अर्थ होतो 'गमावणं'. असं नाव पाण्याला कोण देतं?

शोपँने खेडं ऐकलं ते शाळेच्या सुट्टीत. १८२४ चा उन्हाळा तो मित्राच्या गावी, शाफार्न्याला होता. तिथून घरच्यांना पत्रांऐवजी हाताने लिहिलेलं चेष्टेचं वर्तमानपत्र पाठवायचा. त्यातली एक बातमी मला या सगळ्या प्रवासात पुरली. न्येशावा गावातून जाताना एक पोरगी कुंपणावर बसून गळा काढून गात होती. चौदा वर्षांचा फ्रेडरिक थांबला आणि म्हणाला, पुन्हा गा. ती लाजली, तयार होईना. मग त्याने तीन ग्रोश पुढे केले आणि ती गायली. गाणं होतं डोंगरापलीकडे नाचणाऱ्या लांडग्याचं; त्याला बायको नाही म्हणून तो झुरतो. शोपँने त्या पोरीला त्या काळच्या नामांकित इटालियन गायिकेचं नाव दिलं, 'खेड्यातली कातालानी'. तिचं खरं नाव त्याने लिहिलं नाही.

त्या पोरीचा बाप काय करत असेल हे मात्र सांगता येतं. १८०७ साली इथल्या शेतकऱ्यांना कागदावर स्वातंत्र्य मिळालं होतं, जमीन नव्हे. जमीन मालकाची, म्हणून आठवड्यातले ठरलेले दिवस मालकाच्या शेतात फुकट राबायचं. आपल्याकडच्या शब्दात वेठ. रशियाच्या वाट्याच्या पोलंडमध्ये ती १८६४ पर्यंत चालली. दिवसभर दुसऱ्याच्या शेतात वाकायचं आणि रविवारी रात्री दारूच्या गुत्त्यात ओबेरेक नाचायचा. तोच नाच पुढे पॅरिसच्या दिवाणखान्यात पोचला आणि एका हरवलेल्या देशाचा आवाज ठरला. ज्यांचा तो होता, ते तेव्हाही शेतातच होते.

शोपँच्या शेजारीच, त्याच इमारतीत कोलबर्ग कुटुंब राहायचं. त्यातला ओस्कार शोपँपेक्षा चार वर्षांनी लहान. हाही पियानो शिकला, चाली रचू लागला, पण पुढे गावोगाव हिंडून गाणी टिपण्यातच त्याचं आयुष्य गेलं. लोकांना गायला लावायचा आणि ऐकलं तसं उतरवायचा. दहा हजारांहून जास्त चाली, शिवाय लग्नाच्या रीती, म्हणी, कपडे. हयातीतच तीसहून अधिक खंड छापून झाले. सुरुवातीला त्याने गाण्यांना पियानोची साथ लिहून छापली होती. ती पॅरिसला शोपँकडे पोचली तेव्हा त्याने घरी लिहिलं की हेतू चांगला आहे, खांदे अरुंद आहेत. बोचरं आहे, पण कोलबर्गने ऐकलं असावं. पुढे साथ गेली, नुसती चाल राहिली. मला विचाराल तर या गोष्टीतला मोठा माणूस कोलबर्ग. पण त्याच्या नावाची व्होडका नाही.

रात्री बहिणीच्या ऑफिसातली एक मुलगी आम्हाला नाचाला घेऊन गेली. जुन्या इमारतीतला हॉल, लाकडी जमीन, कोपऱ्यात फिडल, छोटा डफ आणि जाड तारांचं बासवाद्य. डफाला झांजा होत्या, एक म्हातारा तो काठीने वाजवत होता. एकही माइक नाही. फिडलवाला ऐंशीच्या घरातला, बूट काढून मोज्यांवर बसला होता. त्याला खेड्यातून गाडी पाठवून आणलं होतं. नाचणारी मंडळी पंचविशी-तिशीची, शहरातली, लॅपटॉपच्या बॅगा भिंतीला टेकवलेल्या.

मी सम शोधत बसले. तीन मात्रा आहेत हे कळतं, दादऱ्याचं अर्धं म्हणा. पण जोर कधी दुसरीवर, कधी तिसरीवर, आणि फिडलवाला मध्येच एक मात्रा रबरासारखी ताणतो. मी मांडीवर बोटं मोजत होते. माझ्या शेजारची बाई हसली आणि मोडक्या इंग्रजीत म्हणाली, मोजू नका, श्वास घ्या. शोपँचीही हीच गंमत. चार्ल्स हॅले या पियानोवादकाने त्याला तोंडावर सांगितलं होतं की तुम्ही माझुर्का तीन नव्हे, चार मात्रांत वाजवता. शोपँ आधी कबूल होईना. हॅलेने त्याच्या वाजवण्यावर मोठ्याने चार मोजून दाखवले तेव्हा हसला आणि म्हणाला, हा आमच्या नाचाचा स्वभाव आहे. त्या मोज्यातल्या म्हाताऱ्याचा उजवा पाय बघितला असता तर हॅलेला विचारावं लागलं नसतं. पाय जमिनीवर पडत होता तो आपल्याला वाटतं त्याच्या किंचित नंतर.

दोन फेऱ्या मीही नाचले. ओबेरेकमध्ये गरगर फिरायचं असतं. तिसऱ्याला भिंतीचा आधार घ्यावा लागला.

बाहेर सिगारेट ओढणाऱ्या पोरांना 'माझोव्शे'चं नाव काढलं तर त्यांनी तोंडं वाकडी केली. कम्युनिस्ट सरकारने १९४८ मध्ये उभं केलेलं हे लोकनृत्य पथक. झुळझुळीत घागरे, शंभरेक कलाकार, एका सुरात हसणं. रेडिओवर सरकारी लोकगीतांचा इतका मारा झाला की दोन पिढ्यांना खेड्यातल्या गाण्याची शिसारी बसली, असं त्यांचं म्हणणं. त्यामुळे आता आजोबांच्या वयाच्या माणसांना हुडकून शिकावं लागतं. मला हे अर्धंच पटलं. माझोव्शेच्या बायकांचे गळे मी ऐकलेत, ते काही सरकारने दिलेले नव्हते.

दिवस चौथा, बुधवार. क्राकुफ

रेल्वेने अडीच-पावणेतीन तास. समोरच्या सीटवर साठीचा गृहस्थ, सँडविच उलगडत. मी संगीतासाठी फिरतेय कळल्यावर त्याने काच वाजवत एक चाल गुणगुणली. 'मुरी', म्हणजे भिंती. यात्सेक काच्मार्स्कीने १९७८ मध्ये एका कातालान गाण्याच्या चालीवर बांधलेलं. १९८० नंतर सॉलिडॅरिटी या कामगार संघटनेच्या संपांत ते सगळीकडे झालं. कॅसेटवरून कॅसेट, इतक्या वेळा उतरवलेल्या की आवाजापेक्षा खरखर जास्त. "आम्ही फक्त ध्रुवपद गायचो," तो म्हणाला. भिंती पडतील, साखळ्या तुटतील. पण मूळ गाण्याचा शेवट वेगळाच आहे. जमाव गाण्याच्या जोरावर निघतो, पुतळे पाडतो, मग एकट्या उभ्या माणसाला शत्रू ठरवतो. शेवटी भिंती पुन्हा वाढत जातात आणि गायक एकटा राहतो. संपावरच्या लोकांनी तो शेवट गाळला. मी म्हटलं, मग काच्मार्स्कीला काय वाटलं असेल? गृहस्थांनी खांदे उडवले आणि सँडविचचा अर्धा तुकडा माझ्यापुढे केला. काकडी आणि चीज.

क्राकुफच्या चौकात बारा वाजता पोचले. सेंट मेरी चर्चच्या उंच मनोऱ्यातून दर तासाला तुतारी वाजते. चारी दिशांना चार वेळा, आणि दर वेळी चाल मध्येच तुटते. तातारांचा बाण लागून तुतारीवाला कोसळला, तिथेच ती अडते, अशी आख्यायिका. वाजवणारे अग्निशमन दलाचे जवान आहेत. जुन्या काळी मनोऱ्यावरून आगीचीच राखण व्हायची, ते काम आणि तुतारी एकत्रच राहिली. दुपारी बाराची तुतारी रेडिओवरून देशभर जाते, १९२७ पासून. बाण खरा असो नसो, सूर तुटतो तेव्हा चौकातले कबुतरांना दाणे टाकणारे हातही क्षणभर थांबतात. मग वरून तो जवान हात हलवतो, खालून पोरं हलवतात, आणि गाड्यांची घंटी सुरू.

वावेलच्या किल्ल्यावर फार वेळ घालवला नाही, रांग मोठी होती. पण इथल्या दरबारातल्या एका माणसाबद्दल लिहायलाच हवं. मिकोवाय गोमूवका. यान कोखानोव्स्कीने दाविदाची स्तोत्रं लॅटिनमधून पोलिशमध्ये आणली, १५७९ मध्ये छापली. पुढच्याच वर्षी गोमूवकाने सगळ्या दीडशे स्तोत्रांना चाली लावून क्राकुफमध्ये पुस्तक काढलं. अर्पणपत्रिकेत तो लिहितो की हे इटालियनांसाठी नाही, पोलिशांसाठी आहे, आपल्या साध्या घरगुती माणसांसाठी. दरबारात तेव्हा इटालियन वादकांचा भाव होता. चार आवाज, सोपी चाल, कुणालाही गाता यावी अशी. चर्चच्या दुकानात त्याची सीडी मिळाली आणि सीडी लावायला आता घरात काही नाही हे पैसे दिल्यावर आठवलं.

संध्याकाळी ग्रुनवाल्डच्या स्मारकाशी बसून प्येरोगी खाल्ले. हे स्मारक इग्नात्सी पादेरेव्स्की या पियानोवादकाने स्वतःच्या पैशाने उभारलं, १९१० मध्ये, ट्यूटॉनिक सरदारांवरच्या विजयाला पाचशे वर्षं झाली म्हणून. पैसा अमेरिकेतल्या कार्यक्रमांचा. पुढे महायुद्धात तो याच कार्यक्रमांत आधी भाषण करायचा, मग वाजवायचा. १९१९ मध्ये पोलंडचा पंतप्रधान झाला आणि व्हर्सायच्या तहावर त्याने सही केली. पंतप्रधान म्हणून वर्षभरही टिकला नाही.

दिवस पाचवा, गुरुवार. काझिम्येश

क्राकुफचा जुना यहुदी भाग. युद्धाआधी या शहरात साठ हजारांहून जास्त यहुदी राहायचे. आज काझिम्येशच्या शेरोका रस्त्यावर ओळीने रेस्तराँ आहेत आणि प्रत्येकात संध्याकाळी क्लेझमर, म्हणजे यहुदी लोकसंगीताचा बँड. क्लॅरिनेट, अकॉर्डियन, डबल बास. दारात उभी पोरगी मेनू पुढे करते: सूप, बदक आणि संगीत, एकत्र दर. वाजवणारे तयारीचे आहेत, बरेचसे यहुदी नाहीत. मी बसले, सूप घेतलं. क्लॅरिनेटवाला खरोखर सुरेल होता. पण शेजारच्या टेबलावर टाळ्यांचा ठेका धरलेले पर्यटक बघून चमचा खाली ठेवावासा वाटला. ठेवला नाही, सूप चांगलं होतं.

ज्या गुत्त्यांत शेतकरी नाचायचे ते बऱ्याचदा यहुदी चालवायचे, आणि लग्नांना, वाड्यांवरच्या मेजवान्यांना वाजवायलाही यहुदी वादक असत. मित्स्क्येविच या कवीच्या १८३४ च्या महाकाव्यात शेवटी देशाचा सगळा इतिहास संतुरासारख्या वाद्यावर वाजवून दाखवतो तो यान्क्येल, एक यहुदी गुत्तेवालाच. पोलिश मुलं हा भाग शाळेत शिकतात.

जवळच मोर्देखाय गेबिर्तिग राहायचा. सुतार. जुनं फर्निचर दुरुस्त करायचा आणि यिद्दिशमध्ये, म्हणजे तिथल्या यहुद्यांच्या बोलीत, गाणी रचायचा. नोटेशन येत नव्हतं, चाल बासरीवर बसवायचा, मित्र उतरवून घ्यायचे. पाळण्याची गाणी, चोरांची गाणी, कामगारांची गाणी. त्याचं सगळ्यात गाजलेलं गाणं दंगलीत पेटलेल्या गावाचं: भावांनो, आपलं गाव जळतंय आणि तुम्ही हाताची घडी घालून उभे आहात. युद्धाच्या आधीच लिहिलं होतं. ४ जून १९४२ ला वस्ती रिकामी करून लोकांना गाड्यांकडे हाकताना त्याला गोळी घातली.

चौकाजवळच्या तळघरात, 'मेंढ्यांखालचं तळघर' म्हणतात तिथे, दारापर्यंत जाऊन आले. १९५६ पासूनचा कॅबरे. तळघरांची या देशाला सवय आहे. १९५० च्या दशकाच्या सुरुवातीला जॅझ सरकारच्या नजरेत अमेरिकन रोग होता, तेव्हा लोक घरांत, तळघरांत वाजवायचे. कोमेदा हा त्यातला मोठा पियानोवाला कान-नाक-घशाचा डॉक्टर होता आणि इस्पितळाला कळू नये म्हणून त्याने हे आडनाव घेतलं होतं. स्टॅलिन गेला, १९५६ मध्ये हवा बदलली. त्याच वर्षी सोपोतला जॅझचा महोत्सव झाला आणि वॉर्सात नव्या संगीताचा 'वॉर्सा शरद' सुरू झाला. तिकीट संपलं होतं, म्हणून मी तळघराच्या पायऱ्यांवरूनच परत.

दिवस सहावा, शुक्रवार. झाकोपाने

बसने दोन-अडीच तास, घाट चढत. तात्रा डोंगर दिसायच्या आधी ओस्त्सिपेकच्या टपऱ्या दिसतात. मेंढीच्या दुधाचं धुरावलेलं चीज, तव्यावर भाजून वर आंबट-गोड जॅम. दोन खाल्ले.

कास्प्रुसी रस्त्यावर लाकडी घर आहे, नाव 'आत्मा'. संस्कृतातलाच आत्मा. कारोल शिमानोव्स्की, शोपँनंतरचा पोलंडचा मोठा संगीतकार, इथे १९३० पासून भाड्याने राहिला. बडा जमीनदार घराण्यातला, युक्रेनमधली वाडवडिलांची जहागीर क्रांतीत गेली, वॉर्साच्या संगीत महाविद्यालयाचं मुख्यपद भांडणांत गेलं, आणि छातीत क्षय. त्याने १९१८ मध्ये टागोरांच्या कवितांवर गाणी केली होती. डोंगरात येऊ लागल्यावर मात्र तो गुराल्यांच्या, म्हणजे इथल्या डोंगरी मेंढपाळांच्या संगीतावर वेडा झाला. म्हातारा फिडलवाला बार्तुश ओब्रोख्ता त्याचा दोस्त. शिमानोव्स्कीच्या वीस माझुर्का मैदानी नाचात डोंगरी सूर मिसळतात. खोलीत एक रेकॉर्डिंग चालू होतं. पहिलीच माझुर्का. खाली पंचमाचा घोष, वर हळूच, दबकत चढा मध्यम. रविवारी बागेत ऐकलेला, इथे त्याचं माहेर असल्यासारखा. व्हिजिटर्स बुकात मराठीत 'म तीव्र' एवढंच लिहिलं. तिथल्या बाईंनी अक्षरांकडे बघून मान डोलावली.

चाउबिन्स्की रस्त्यावर 'पॅलेस' नावाची इमारत आहे. युद्धात इथे गेस्टापोचं, म्हणजे नाझींच्या गुप्त पोलिसांचं ठाणं होतं. कोठडीच्या भिंतीवर १९४४ मध्ये अठरा वर्षांच्या हेलेना वांडा ब्वाझुश्याकुव्ना हिने ओरखडून लिहिलं: आई, रडू नकोस. पुढे मेरीमातेला हाक. इतर कैद्यांनी सूड मागितला होता, निर्दोष असल्याचं सांगितलं होतं. ही मुलगी आईची समजूत घालत होती. हेन्रिक गुरेत्स्कीला त्यातलं हेच लागलं. १९७६ मध्ये त्याने तिसऱ्या सिंफनीच्या मधल्या भागात ते शब्द घेतले. १९९२ च्या एका रेकॉर्डिंगच्या दहा लाखांहून जास्त प्रती खपल्या. हेलेना त्या कोठडीतून जिवंत सुटली होती. मी इमारतीसमोर उभी राहून मोबाइलवर तो भाग ऐकला. नऊ-दहा मिनिटं. मध्येच पाऊस आला.

रात्री खानावळीत गुराल्यांची टोळी वाजवत होती. पांढऱ्या लोकरीच्या भरतकाम केलेल्या विजारी, तीन फिडल आणि तीन तारांचं बास. पुढचा एकटा चाल वाजवतो, त्याला प्रिम म्हणतात, मागचे दोघे साथ धरतात. नाचणारा आधी टोळीपुढे उभा राहून उंच, जवळजवळ ओरडत दोन ओळी गातो, म्हणजे मला ही चाल हवी. मग टोळी ती उचलते. चढा मध्यम इथे लपतछपत येत नाही, छाती काढून येतो.

दहाच्या सुमाराला मोठ्या टेबलावरच्या मंडळींनी 'गुरालू' मागितलं. सगळ्या पोलंडला पाठ असलेलं गाणं: अरे डोंगरवाल्या, आपला मुलूख सोडून जाताना वाईट नाही का वाटत? आणि त्याचं उत्तर: "झा ख्लेबेम, पाने, झा ख्लेबेम." भाकरीसाठी, मालक, भाकरीसाठी. टेबलावरचे गळ्यात गळे घालून डोलू लागले. टोळीने वाजवलं, पण सरळ, तीव्र मध्यमाशिवाय. हे गाणं डोंगरातलं नाहीच. क्राकुफच्या एका लेखकाने लिहिलेलं. संपल्यावर एकाने उठून पन्नास झ्वोटींची नोट बासच्या तारांमध्ये खोचली आणि बोट वर करून म्हणाला, पुन्हा.

मधल्या सुट्टीत प्रिमवाला आमच्या बाकाशी पाणी प्यायला आला. वेटरच्या मदतीने विचारलं, घरी सगळे वाजवतात का? म्हणाला, भाऊ माझ्यापेक्षा चांगला वाजवतो. कुठे असतो? शिकागो. छपरं घालतो. मग त्याने फिडल काखेत धरलं, नोटेची घडी करून बासवाल्याच्या खिशात सरकवली, आणि तिघांना मानेने खूण केली.